दोऱ्याला टोकं दोनच

आमच्या गावात सातशे अकरा दारं आहेत आणि सातशे दहा पाट्या. यंदापर्यंत उरलेलं एक दार होतं माझ्या आत्याचं. त्या दारावर खिळ्यांची चार भोकं होती, आणि वरच्या दोन भोकांत खुंट्या ठोकून आत्या तिथे ओले मोजे वाळत घालायची. जाणारी-येणारी माणसं नाकं मुरडायची. मुरडू देत. नाकं त्यांचीच आहेत.

पाटी म्हणजे काय ते आधी सांगते. पाट्या रंगवणं हा माझा धंदाच आहे, तेव्हा त्या बाबतीत माझ्याशी वाद घालू नका. आमच्या या किनाऱ्यावर ज्यांनी पहिली वस्ती केली, ते सगळेच्या सगळे गणितानं झपाटलेले होते. भली माणसं असतील, पण कोणीतरी वेळेवर त्यांच्या कानाखाली दोन द्यायला हव्या होत्या. समुद्राकडच्या रस्त्यावर त्यांनी दिवे लावले, तर दोन दिव्यांमधलं अंतर दर वेळी दुप्पट. पहिल्या चार दिव्यांखाली मुंग्यांच्या मिशा दिसतात आणि शेवटच्या दोन दिव्यांमध्ये जहाज हरवेल. धक्क्यावरून वरच्या गावात जायला नऊ पायऱ्या बांधल्या, त्यातली प्रत्येक पायरी मागच्या दोघींच्या बेरजेइतकी उंच. पहिली एक बोट, दुसरी एक बोट, मग दोन, तीन, पाच, आठ, तेरा, एकवीस, आणि नववी चौतीस बोटं. म्हणजे माझ्या मांडीपर्यंत. काय सुंदर, म्हणे! असेल हो सुंदर. गावातली निम्मी म्हातारी माणसं आठव्या पायरीवर बसून, कोणी ओढून घेतंय का म्हणून वाट बघत असतात.

आणि तिसरं खूळ पाट्यांचं. प्रत्येकानं पंचविशीच्या आत स्वतःचं एक विधान सिद्ध करायचं, पाटी कचेरीत तपासून घ्यायचं आणि दारावर ठोकायचं. बापाची पाटी पोराला मिळते, बाकी उसनवारी चालत नाही. त्यामुळे सोपी विधानं केव्हाच संपली. बेकरीवाल्याच्या घराण्यात 'विषम अधिक विषम म्हणजे सम' ही पाटी चार पिढ्या आहे आणि तो छाती अशी काढून चालतो, जणू विषम संख्या त्याच्याच भट्टीतून निघतात. माझी स्वतःची, दुकानाच्या दारावरची, पाटी विचारू नका. तिच्यात एक वर्तुळ आहे आणि ती वाचता वाचता मलाच झोप येते. तुमचं विधान दुसऱ्या कोणाच्या विधानावर टेकलेलं असेल, तर खाली बारीक अक्षरात 'आधार' लिहून त्याचं नाव घालायचं. ही बारीक अक्षरं रंगवताना माझे डोळे फुटतात आणि वाचत कोणीच नाही.

माझे बाबा, म्हणजे आत्याचा धाकटा भाऊ, पाटी कचेरीत कारकून. पाटीशिवाय तिथे शिपायाचीसुद्धा नोकरी मिळत नाही. बाबांची पाटी अशी: 'गावातल्या सगळ्या गल्ल्या एका दमात, कोणतीही गल्ली दोनदा न चालता, फिरून होतात.' वाचायला झकास. फक्त आमच्या पोस्टमनला विचारू नका. तो बिचारा तीस वर्षं टपाल वाटतोय, आणि रोज कुठल्या ना कुठल्या गल्लीत त्याला दुसऱ्यांदा शिरावंच लागतं. सकाळी आमच्या दाराशी आला की पाटीकडे बघून कान पकडायचा. "भाऊसाहेब, कालही टाकीच्या गल्लीत दोनदा गेलो. माझंच डोकं चालत नाही." बाबा मोठ्या मनानं म्हणायचे, "प्रयत्न करत राहा." पाटी खोटी असेल, हे दोघांच्या स्वप्नातही आलं नाही. आमच्याकडे पाय आणि पाटी यांचं पटलं नाही, तर माणसं पायांना दोष देतात.

आत्या मात्र जाळी शिवते. धक्क्यावरच्या जाळीघरात खिडकीजवळचा बाक तिचा. हातात लाकडी सुई, गुडघ्यावर जाळं, तोंडात शिव्या. साठ वर्षांची आहे, पण खलाशी तिच्यापुढे जाळं टाकताना टोप्या काढतात, कारण ती आधी जाळं बघते आणि मग जाळं फाडणाऱ्याचं शिक्षण काढते. "हे फाडलंस की चावलंस रे, मुडद्या?" एकदा एका कप्तानाला तिनं सगळ्यांसमोर विचारलं होतं. कप्तान लाजला. मला वाटतं चावलंच असावं.

तिच्या दारावर एके काळी पाटी होती. विसाव्या वर्षी मिळवलेली, आणि काय पाटी! 'कसंही फाटलेलं जाळं एकाच अखंड दोऱ्यानं, एका ओळीवरून दोनदा न जाता, शिवता येतं.' त्या पाटीमुळे तिच्या मागे स्थळं लागली होती. दीपगृहवाल्याच्या मुलाशी लग्न ठरलंही होतं. बाबांना नोकरी लागली तीही त्याच पाटीच्या जोरावर, कारण गाव म्हणजे गल्ल्यांचं जाळंच की, दोऱ्याच्या जागी माणूस चालवला की झालं. मग सव्विसाव्या वर्षी आत्याची पाटी उतरली. कचेरीच्या वहीत नोंद आहे: 'खाऱ्या हवेनं कुजली.' नवीन तिनं लावलीच नाही. दीपगृहवाल्यांनी दोन महिने वाट पाहिली आणि मुलगी दुसरीकडे बघितली. आत्याला त्याबद्दल विचारलं की म्हणते, "बरं झालं. त्याच्या पायांना वास यायचा."

चौतीस वर्षं तिच्या मोज्यांनी कोणाचं काही बिघडवलं नव्हतं. यंदा बंदर समितीला अवदसा आठवली. जाळीघरात जागा कमी पडते, तेव्हा पाटी नसलेल्यांनी एक तारखेपासून वरच्या गोदामात बसावं, असा कागद लागला. पाटी नसलेल्यांनी, म्हणे! अख्ख्या गावात पाटी नसलेली एकच बाई. सरळ तिचं नाव लिहिलं असतं तर शाई तरी वाचली असती.

आणि वरचं गोदाम म्हणजे त्या नऊ पायऱ्या. आत्याचे गुडघे केव्हाच कामातून गेलेत. तरी "बघू तरी काय ते" म्हणून ती निघाली, मी मागे. सहाव्या पायरीपर्यंत शिव्या देत चढली. सातवीला शिव्या थांबल्या. आठवीवर ती बसली, आणि नववीवर दोन खलाशांनी तिला बटाट्याच्या पोत्यासारखं बगलेत धरून वर घेतलं. वरच्या गोदामाला खिडकी नव्हती. मिठाचा वास, एक झरोका, बस्स. आत्यानं चारी बाजूंना पाहिलं आणि काहीच बोलली नाही. आत्या गप्प बसलेली मी जन्मात पाहिली नव्हती.

घरी बाबांनी डोकं चालवलं. "ताई, कचेरीत एक बेवारस पाटी आहे. 'शून्यात शून्य मिळवलं तर शून्य.' मालक गेला, वारस नाही. मी नोंद फिरवतो. कोणाला कळणार आहे?"

"मला कळेल ना," आत्या म्हणाली. "आणि साठ वर्षं जगून दारावर शून्य लावू? लाज वाटत नाही?"

"वन्सं, वेळ पडली तर माणसानं वाकावं," आई म्हणाली.

"गुडघे वाकत नाहीत, तोच तर घोळ आहे," आत्या म्हणाली आणि उठून गेली.

मला राग आवरेना. कुजली तर कुजली, जुनी पाटी परत लावायला हिला काय होतंय? विधान तर सहीसलामत आहे ना? मी दुकानात गेले, सागवानी फळी घेतली, निळ्या जमिनीवर पांढरी अक्षरं अशी काढली की समिती बघत राहील. सकाळी काखेत मारून जाळीघरात गेले आणि आत्याच्या पुढ्यात ठेवली.

आत्यानं ती वाचली. अक्षरांवरून बोट फिरवलं. मग बाकाखालची पेटी ओढली, तिच्यातून एक जुनं, करडं पडलेलं जाळं काढलं आणि माझ्या अंगावर फेकलं. मध्ये टोपलीएवढं भोक.

"शीव," ती म्हणाली. "एका दोऱ्यानं. गाठीपासून गाठीपर्यंतची सुटलेली प्रत्येक ओळ परत घालायची, एकीवरून दोनदा जायचं नाही. हातच्या कांकणाला आरसा कशाला?"

जाळी शिवणं मला लहानपणापासून येतं. मी बसले. एकदा शिवलं, एक ओळ राहिली. उसवलं, दुसरीकडून सुरू केलं, दुसरी ओळ राहिली. दुपारपर्यंत नऊ वेळा उसवलं. बोटं सोलली आणि डोळ्यात पाणी आलं.

"होत नाही," मी म्हटलं.

"होणारच नाही. मी तीन दिवस रडले होते, तू निदान अर्ध्या दिवसात थांबलीस." तिनं सुईचं टोक एका गाठीवर ठेवलं. "इथे किती ओळी येतात?"

"तीन."

"दोरा एका ओळीनं आत येतो, दुसरीनं बाहेर जातो. तिसरी उरते. म्हणजे दोरा या गाठीवर सुरू तरी व्हायला हवा, नाहीतर संपायला तरी हवा. अशा विषम गाठी या भोकात किती आहेत?"

मी मोजल्या. चार.

"आणि दोऱ्याला टोकं दोनच असतात, पोरी. चार गाठींना चार टोकं आणायची कुठून?"

मी गाठी परत एकदा मोजल्या. "मग तपासणाऱ्यांनी तुझी पाटी पास कशी केली?"

"कागदावर सात जाळी काढली. सातही शिवली गेली. आठवं काढायच्या आत जेवणाची घंटा झाली." ती हसली. "मलाही तेव्हा पाटी खरीच वाटायची की. पाटी लागली, हार-तुरे झाले, आणि सहा वर्षांनी हे जाळं आलं."

"मग खरं विधान काय?"

"त्यात काय विधान? विषम गाठींच्या निम्मे दोरे घ्यायचे. विषम गाठच नसली तर एक पुरतो. रोज तेच करते मी."

मी टुणकन उठले. "अगं बाई, मग तीच तुझी पाटी! सिद्धतासुद्धा तूच आत्ता सांगितलीस! उद्या कचेरीत देऊ, परवा लावू, खिडकी तुझी!"

आत्यानं माझ्याकडे असं पाहिलं, जसं ती जाळं फाडणाऱ्या खलाशांकडे बघते.

"तुझ्या बापाच्या पाटीखाली बारीक अक्षरात काय लिहिलंय? तूच रंगवतेस ना?"

मी खाली बसले. 'आधार: थोरल्या बहिणीची पाटी.' दर तीन वर्षांनी मी ती ओळ रंगवते. नवीन पाटी आली की जुनी खोटी ठरणार, जुनी पडली की बाबांची पडणार, आणि पाटी नसलेला माणूस कचेरीत राहत नाही. बाबांना निवृत्तीला चौदा महिने होते.

"तो नोकरीला लागून तेव्हा दीडच महिना झाला होता," आत्या सुईत दोरा ओवत म्हणाली. "नवी कोरी बॅग घेऊन मिरवायचा गाढव. म्हणून कचेरीत सांगितलं, कुजली. कुजलेल्या पाटीला टेकलेलं चालतं, खोट्या पाटीला टेकलेलं चालत नाही. आता तोंड शिवून ठेव. बोललीस तर सुई खुपसेन."

दीपगृहवाल्याचा मुलगा तिनं कशासाठी जाऊ दिला ते मला त्या क्षणी कळलं. तिला मिठी मारावीशी वाटली आणि चार शिव्याही द्याव्याशा वाटल्या. दोन्ही गोष्टी तिनं करू दिल्या नसत्या.

माझ्या पोटात तीळ भिजत नाही हे गावाला माहीत आहे. तरी चार दिवस मी कळ काढली. पाचव्या दिवशी बाबांनी त्यांची पाटी रंगवायला आणून टाकली, तिची तीन वर्षं भरली होती. मी वरचं सगळं रंगवलं आणि बारीक ओळीपाशी हात थांबला. संध्याकाळी बाबा आले.

"खालची ओळ राहिली का गं?"

"राहिली."

"का?"

मी सांगितलं. सगळं. दीपगृहवाल्याच्या मुलासकट. बाबा माझ्या रंगाच्या डब्यावर बसले. डब्याचं झाकण ओलं होतं, त्यांच्या पॅंटला निळा गोल उमटला, तरी ते हलले नाहीत. मग एवढंच म्हणाले, "मी कधी चालून बघितलंच नाही."

दुसऱ्या दिवशी, म्हणजे एक तारखेच्या आदल्या दिवशी, बाबांनी नोकरीत पहिल्यांदा अर्ध्या दिवसाची रजा टाकली. पोस्टमनला बरोबर घेतलं आणि गाव चालायला निघाले. हातात खडू. प्रत्येक चौकात किती गल्ल्या मिळतात ते मोजून भिंतीवर आकडा लिहायचा. माणसं दारात येऊन बघत होती. बेकरीवाल्यानं तर दुकान सोडून मागे चालायला सुरुवात केली. दुपारी दोघं टाकीच्या गल्लीच्या तोंडाशी दुसऱ्यांदा उभे राहिले तेव्हा बाबांचे बूट धुळीनं पांढरे झाले होते.

"सहा चौक विषम आहेत," बाबा पोस्टमनला म्हणाले. "सहाचे निम्मे तीन. या गावाला तीन पोस्टमन लागतात. तीस वर्षं तुमची काही चूक नव्हती."

पोस्टमननं टपालाची थैली खाली ठेवली आणि भर रस्त्यात भोकाड पसरलं. "म्हणजे मी गाढव नव्हतो?"

"गाढव मी होतो," बाबा म्हणाले आणि घरी येऊन त्यांनी पाटी उचलली. बारीक ओळ अजून कोरीच होती. ती काखेत घेऊन ते पायऱ्या चढून कचेरीकडे गेले.

मी धावत जाळीघर गाठलं. आत्याला सांगताच तिनं मला सुई खुपसली नाही, हे नवलच. जाळं मांडीवरून झटकून ती उठली. "चौदा महिने राहिले होते त्या मूर्खाचे! धर मला!"

त्या पायऱ्या ती कशी चढली ते मी आयुष्यभर विसरणार नाही. पुढून मी ओढत होते, मागून पोस्टमन ढकलत होता. पाचव्या पायरीला तिनं पहिल्या वस्तीवाल्यांचा उद्धार केला, सातव्या पायरीला त्यांच्या आईबापांचा, आणि नवव्या पायरीवर पोटावर आडवी पडून वर सरकताना बेकरीवाल्याचाही केला. त्याचा काही संबंध नव्हता, पण तो समोर उभा होता.

कचेरीत मुख्य तपासनीस बसले होते. त्यांना सगळे शिक्कासाहेब म्हणतात, कारण त्यांच्याकडून त्याशिवाय काही मिळत नाही. टेबलावर बाबांची पाटी उलटी पडली होती आणि तिच्यावर लाल शिक्का: 'असत्य.' शाई अजून ओली होती.

"उशीर झाला, ताई," बाबा म्हणाले.

"तुला कोणी सांगितलं होतं शहाणपणा करायला?" आत्याला दम लागला होता. "मी खिडकीशिवाय मेले नसते!"

"आणि मी खुर्चीशिवाय मरणार आहे होय? चौतीस वर्षं तुझ्या जिवावर बसलो. एकदा सांगायचंस तरी!"

"सांगून काय केलं असतंस?"

बाबांनी जरा विचार केला. "घाबरलो असतो," ते म्हणाले. नोंद फिरवायला तयार झाला होता खरा, पण तोंडानं खोटं बोलायची सवय त्या माणसाला कधी लागलीच नाही.

शिक्कासाहेब खाकरले. "बाई, तुमची जुनी पाटी खोटी ठरली आहे. नवीन विधान असेल तर द्या. सिद्धता किती पानांची आहे?"

"पानं कसली? दोऱ्याला टोकं दोन असतात. विषम गाठीला एक तरी टोक लागतं. म्हणून गाठींच्या निम्मे दोरे, त्याहून कमी चालत नाहीत."

"आणि तेवढे पुरतातच कशावरून?"

"माझ्या बाकावर येऊन बसा. चाळीस वर्षांची जाळी दाखवते आणि निम्मे दोरे कसे पुरतात तेही शिकवते. मात्र जेवणाच्या घंटेला उठायचं नाही."

ते खरंच आले हो! दोन दिवस बाकावर बसले, वहीत सगळं उतरवून घेतलं आणि दोन्ही दिवस जेवले नाहीत. समितीनं एक तारीख तेवढी पुढे ढकलली. तिसऱ्या दिवशी शिक्का बसला, निळा. पाटी मी रंगवली आणि आत्याच्या दारावर जुन्याच चार भोकांत ठोकली. मोज्यांसाठी तिला खाली वेगळ्या खुंट्या ठोकून द्याव्या लागल्या. त्यावर तिनं तडजोड केली नाही.

बाबांची नोकरी गेली ती गेलीच. आमच्या दारावर आता चार भोकं आहेत आणि आई तिथे काही वाळत घालू देत नाही. पहिला आठवडा बाबा सकाळी बॅग भरायचे आणि पुन्हा रिकामी करायचे. मला ते बघवेना. आठव्या दिवशी आत्यानं निरोप धाडला: माणूस रिकामा असेल तर पाठवून द्या.

बाबा गेले. आत्यानं पेटीतून ते करडं जाळं काढलं, दोघांच्या गुडघ्यांवर पसरलं, खिडकीच्या उजेडात ओढून घेतलं. दोऱ्याचे दोन तुकडे केले. एक स्वतःच्या सुईत ओवला, एक बाबांच्या.

"तू त्या गाठीवरून सुरू कर, धाकट्या. मी इकडून येते."

बाबांना सुई धरता येत नव्हती. आत्यानं तीनदा उसवायला लावलं, दोनदा हातावर मारलं, अकलेवरून एकदा बोलली. जेवणाच्या आत भोक बंद झालं. आत्यानं जाळं दोन्ही हातांनी ताणून पाहिलं, बाबांची शेवटची गाठ अंगठ्यानं दाबली आणि खिडकीबाहेर बघत उगाच डोळे पुसले.

"ढिली आहे," ती म्हणाली. "पण धरेल."